ओटावाचा दोन पानी तक्ता आणि आईचा गुडघा

‘ओटावा पर्सनल डिसिजन गाइड’ हा दोन पानांचा तक्ता कॅनडातील ओटावा हॉस्पिटल रिसर्च इन्स्टिट्यूटच्या संकेतस्थळावर विनामूल्य मिळतो. तो छापून पेनाने भरता येतो किंवा संगणकावरच टंकून भरता येतो. आरोग्याच्या ज्या प्रश्नाला एकच रास्त उत्तर नसते, दोन-तीन मार्ग समोर असतात आणि प्रत्येकात काही मिळते व काही जाते, अशा ठिकाणी माणसाला स्वतःचा निर्णय पायरीपायरीने घेता यावा, यासाठी तो तयार केलेला आहे. गेल्या वर्षी माझ्या आईच्या गुडघ्याचे काय करायचे हे ठरवताना आम्ही हा तक्ता तीन वेळा भरला. त्या अनुभवावरून हे परीक्षण लिहीत आहे. माझा अभिप्राय आधीच सांगते: तक्ता उत्तम आहे, घरात एखादा मोठा वैद्यकीय निर्णय अडून बसला असेल तर तो अवश्य वापरावा, पण भरणाऱ्याच्या शेजारी कोणीतरी शांतपणे बसणारे असावे आणि तक्त्यात लिहायची माहिती खात्रीच्या ठिकाणाहून आणलेली असावी. या दोन गोष्टी नसतील तर तो कोरा कागदच राहतो.

मी स्वतः परिचारिका आहे. महाराष्ट्रात वीस वर्षे वॉर्डात काम केले आणि त्यानंतर ओटावाला स्थायिक झाले. वॉर्डातला एक प्रसंग प्रत्येक परिचारिकेच्या ओळखीचा असतो. डॉक्टर फेरी आटोपून पुढे जातात, खाटेवरचा माणूस त्यांच्यासमोर मान डोलावून ‘हो साहेब’ म्हणालेला असतो, आणि पाच मिनिटांनी सलाईन बदलायला गेलेल्या आपल्याला तो हळूच विचारतो, “सिस्टर, तुमची आई असती तर तुम्ही काय केलं असतं?” या प्रश्नाला माझ्याकडे कधीच धड उत्तर नव्हते. मी कधी धीर द्यायचे, कधी ‘डॉक्टर सांगतात ते बरोबरच असेल’ म्हणायचे, आणि कधी रात्री अकरा वाजता संमतीपत्रावर अंगठा घेताना मला स्वतःलाच कळायचे की या बाईला उद्या काय होणार आहे हे नीट उमगलेले नाही. ते रुग्णालय कोणते हे सांगण्यात अर्थ नाही. तेव्हा सगळीकडेच असे चालत असे. पण रुग्ण जो प्रश्न डॉक्टरांना विचारत नाही तो सिस्टरांना विचारतो, ही गोष्ट माझ्या मनात पक्की आहे, आणि म्हणूनच हा तक्ता एका परिचर्या-संशोधिकेने घडवला आहे हे कळल्यावर मला त्याविषयी विशेष आपुलकी वाटली.

त्या संशोधिकेचे नाव अ‍ॅनेट ओकॉनर. ओटावा विद्यापीठाच्या परिचर्या विभागात त्या प्राध्यापिका होत्या. त्यांच्या कामाचा आरंभ पाहिला तर एक साधा, पण फार खोल प्रश्न दिसतो: तीच माहिती वेगळ्या शब्दांत सांगितली तर रुग्णाचा कौल बदलतो का? १९८९ मध्ये त्यांनी कर्करोगाच्या केमोथेरपीसंबंधी अभ्यास प्रसिद्ध केला. जगण्याची शक्यता सांगून निवड करायला लावली आणि मरण्याची शक्यता सांगून निवड करायला लावली, तर माणसांची पसंती कशी हलते, हे त्यात तपासले होते. पुढे फ्लूच्या लशीबाबतही त्यांनी असाच अभ्यास केला. ‘शंभरातले नव्वद बरे होतात’ आणि ‘शंभरातले दहा बरे होत नाहीत’ ही दोन वाक्ये गणिताने एकच आहेत, पण ती कानावर पडल्यावर पोटात होणारी कालवाकालव एक नसते, हे आपल्यापैकी ज्यांनी रुग्णाच्या नातेवाइकांशी बोलण्याचे काम केले आहे त्यांना अनुभवाने ठाऊक असते. ओकॉनर यांनी ते मोजून पाहिले.

त्यानंतरचे त्यांचे महत्त्वाचे काम म्हणजे १९९५ मध्ये प्रसिद्ध झालेली निर्णयद्वंद्वाची मोजपट्टी. आपल्याकडे ‘धरले तर चावते, सोडले तर पळते’ म्हणतात, ती मनाची अवस्था परिचर्येच्या शास्त्रात निदान म्हणून मान्य आहे. ताप किंवा जखम जशी नोंदवतात तशी परिचारिकेने ही अवस्थाही नोंदवावी अशी अपेक्षा असते. ओकॉनर यांच्या मोजपट्टीत सोळा विधाने आहेत आणि गुण शून्य ते शंभर असे दिले जातात. गुण पंचवीसच्या खाली असतील तर माणूस बहुधा निर्णय घेऊन तो अमलात आणतो, आणि साडेसदतीसच्या वर असतील तर तो निर्णय लांबवतो किंवा त्याचे मन दोलायमान राहते, असे त्यांच्या मार्गदर्शिकेत सांगितले आहे. मला यात पटले ते हे की द्वंद्वाची कारणेही त्यांनी वेगवेगळी केली. एकाला माहिती कमी असते. दुसऱ्याला माहिती पुरेशी असते, पण आपल्याला नेमके काय हवे हे त्याचे त्यालाच उमगलेले नसते. तिसऱ्याला दोन्ही असते, पण घरातले मागे उभे नसतात किंवा फारच पुढे उभे असतात. तिघेही बाहेरून सारखेच दिसतात, तिघेही ‘बघू पुढच्या महिन्यात’ म्हणतात, पण तिघांना लागणारी मदत निरनिराळी असते. वॉर्डात आम्ही तिघांनाही एकच औषध देत असू, ते म्हणजे पुन्हा एकदा समजावून सांगणे.

याच विचारातून पुढे ‘ओटावा डिसिजन सपोर्ट फ्रेमवर्क’, म्हणजे निर्णय घेणाऱ्याला आधार देण्याची एक वैचारिक चौकट, आकाराला आली. १९९८ मध्ये ओकॉनर आणि सहकाऱ्यांनी रजोनिवृत्तीनंतर संप्रेरके घ्यावीत की नाहीत, या प्रश्नासाठी स्त्रियांना घरी वापरता येईल असे निर्णयसाहाय्य, म्हणजे पर्याय समजून घेऊन निवड करायला मदत करणारे साधन, तयार करून त्याचे मूल्यमापन प्रसिद्ध केले. पुस्तिका वाचता वाचता सोबतची ध्वनिफीत ऐकायची, अशी त्याची रचना होती. त्यानंतर चारच वर्षांनी, २००२ च्या जुलैमध्ये, अमेरिकेतील ‘विमेन्स हेल्थ इनिशिएटिव्ह’ या मोठ्या चाचणीचा इस्ट्रोजेन आणि प्रोजेस्टिन ही संप्रेरके एकत्र देण्याचा भाग मुदतीआधीच थांबवण्यात आला, कारण स्तनाचा कर्करोग, हृदयविकार व पक्षाघात यांचा धोका फायद्यापेक्षा जास्त दिसू लागला होता. म्हणजे पुस्तिकेतली जी आकडेवारी स्त्रियांनी विश्वासाने वाचली असेल ती बदलावी लागणार होती. हे मी दोष दाखवण्यासाठी सांगत नाही. निर्णयसाहाय्याच्या कोणत्याही साधनावर शेवटची सुधारणा कधी झाली ती तारीख का पाहावी, याचे यापेक्षा चांगले उदाहरण मला माहीत नाही.

अशी साधने पुढे जगभर निघू लागली तेव्हा चांगले साधन कशाला म्हणायचे हा प्रश्न आला. त्यासाठी २००३ मध्ये एक आंतरराष्ट्रीय गट उभा राहिला आणि चौदा देशांतील १२२ जणांच्या मतांतून कसोट्या ठरल्या. त्यांत संशोधक आणि डॉक्टर-परिचारिका यांच्याबरोबर धोरण ठरवणारे आणि रुग्णही होते. या कसोट्या २००६ मध्ये प्रसिद्ध झाल्या. ओकॉनर यांनी या साधनांच्या चाचण्यांचा एकत्रित आढावा १९९९ मध्ये घेतला तेव्हा हाताशी अवघ्या सतरा चाचण्या होत्या. त्यांच्यानंतर ही धुरा डॉन स्टेसी यांनी सांभाळली. त्याही मूळच्या परिचारिका आणि त्याच विद्यापीठातल्या प्राध्यापिका. त्यांच्या गटाने वैद्यकीय चाचण्यांचे एकत्रित आढावे प्रसिद्ध करणाऱ्या कॉक्रेन या आंतरराष्ट्रीय संस्थेसाठी केलेल्या २०२४ च्या आढाव्यात २०९ चाचण्या आणि एक लाख सात हजारांहून अधिक माणसे आहेत. साधन वापरणाऱ्यांची माहिती वाढते, धोक्याचा अंदाज अधिक बरोबर येतो, ‘मला काय महत्त्वाचे आहे हे कळत नाही’ ही भावना कमी होते आणि ‘डॉक्टरांनीच ठरवावे’ म्हणून गप्प बसणाऱ्यांचे प्रमाणही घटते, असे त्यातून दिसते. पंचवीस वर्षांत सतरावरून दोनशे नऊ! एका परिचारिकेने विचारलेल्या प्रश्नाचा एवढा विस्तार झालेला पाहून मला खरोखर अभिमान वाटतो, जरी माझा त्यात काहीही वाटा नसला तरी.

आता प्रत्यक्ष तक्त्याकडे येते.

आई एकाहत्तर वर्षांची आहे. बाबा गेल्यानंतर ती कायमची माझ्याकडे राहायला आली. तिला इथल्या सार्वजनिक आरोग्य विम्याचे संरक्षण आहे. दोन्ही गुडघ्यांची झीज, त्यात उजवा अधिक. आपल्या बोलीत सांगायचे तर ‘वाटी बदलायला’ हवी असे क्ष-किरण तपासणीनंतर सांगितले गेले. समोर तीन मार्ग होते. पहिला, इथे ओटावात शस्त्रक्रियेसाठी नाव नोंदवणे; तिला स्वतःला खर्च नाही, पण थांबावे लागणार. दुसरा, शस्त्रक्रिया न करता मांड्यांचे स्नायू बळकट करण्याचे व्यायाम नेमाने करणे, वजन थोडे उतरवणे आणि गरजेपुरती वेदनाशामक औषधे घेणे. इथे ‘ग्लॅड कॅनडा’ नावाचा, मूळ डेन्मार्कमध्ये सुरू झालेला व्यायामाचा कार्यक्रम त्यासाठी आहे. आणि तिसरा, सांगलीला दादाकडे जाऊन तिथे शस्त्रक्रिया करून घेणे. दादाचे म्हणणे होते, “आई, तू इथं ये, महिन्याभरात मोकळी होशील, वहिनी आहे, सगळं आपलं माणूस आहे.” परदेशात आई-वडील घेऊन राहणाऱ्या किती तरी मराठी घरांत हाच त्रिकोण असतो. तक्त्यात पर्यायांसाठी तीनच ओळी आहेत. आमच्या बाबतीत त्या नेमक्या पुरल्या.

पहिल्या भागात साधे प्रश्न आहेत. कोणता निर्णय घ्यायचा आहे? तो घेण्याचे कारण काय? कधीपर्यंत घ्यायचा आहे? आणि निर्णयाच्या वाटेवर तुम्ही कुठवर आला आहात: अजून विचारच केलेला नाही, विचार चालू आहे, ठरत आले आहे, की ठरले आहे? हे प्रश्न इतके साधे आहेत की माझ्यासारखी व्यावसायिक व्यक्ती ते ओलांडून पुढे जाईल. मीही जाणार होते. ‘कधीपर्यंत’ या प्रश्नावर आई थांबली आणि म्हणाली, “घाई कुणी केलीय गं? मला तर वाटलं होतं, या महिन्यातच सांगायचंय.” घाई कोणीच केलेली नव्हती. गुडघ्याची झीज हा काही हृदयविकाराचा झटका नव्हे. इथे विचाराला महिने असतात. पण ते तिला तोवर कोणी सांगितलेच नव्हते, मीसुद्धा नाही.

दुसरा भाग हा तक्त्याचा गाभा आहे. प्रत्येक पर्यायासमोर एका बाजूला तो निवडण्याची कारणे आणि दुसऱ्या बाजूला तो टाळण्याची कारणे लिहायची, आणि प्रत्येक कारणापुढे ते तुम्हाला किती महत्त्वाचे वाटते यासाठी शून्य ते पाच चांदण्या द्यायच्या. चांदण्या आईला काही जमेनात. सिनेमाला देतात तशा द्यायच्या का, असे तिने विचारले, आणि मग ती प्रत्येकाला चारच देत गेली, कारण कोणाला कमी दिले तर वाईट वाटेल अशी तिची नेहमीची रीत. शेवटी मी स्वयंपाकघरातून राजम्याचे दाणे आणले. तक्त्यातली कारणे मी वेगवेगळ्या चिठ्ठ्यांवर मराठीत मोठ्या अक्षरांत लिहिली, त्या जेवणाच्या टेबलावर मांडल्या आणि तिला म्हटले, “आई, एकूण वीसच दाणे आहेत. जिथं जीव अडकलाय तिथं जास्त ठेव.” वीस दाण्यांची मर्यादा ही आमची भर, मूळ तक्त्यात ती नाही. पण तिच्यामुळेच काम झाले.

आमच्या घरात सगळ्यांची खात्री होती की आई शस्त्रक्रियेला नाही म्हणेल ती मांडी घालून बसण्यासाठी. तिची पूजा जमिनीवर असते, चाळीस वर्षे ती पाटावर बसत आली आहे, आणि कृत्रिम सांध्यानंतर जमिनीवर गुडघा टेकणे व मांडी घालणे अनेकांना अवघड जाते किंवा तसे न करण्याचा सल्ला मिळतो. दादा फोनवर दर वेळी हेच म्हणायचा. मीही ती चिठ्ठी सगळ्यांत वर ठेवली होती. आईने त्या चिठ्ठीवर एक दाणा ठेवला. मग तिने ‘रात्री दुखून जाग येणे’ या चिठ्ठीवर सहा दाणे ठेवले, थोडा वेळ विचार करून त्यांतला एक उचलला आणि तो ‘बर्फात एकटीने बसथांब्यापर्यंत जाता येणे’ यावरच्या चारांत टाकला. मी पूजेविषयी विचारले तर ती म्हणाली, “देव काय खुर्चीवरनं दिसत नाही होय? आणि मी गेलं वर्षभर पाटावर बसलेच नाहीये. तुम्ही कुणी बघितलंच नाही.” मी वीस वर्षे परिचारिका होते, आणि माझ्याच घरात माझी आई वर्षभर उभ्याने पूजा करत होती हे मला माहीत नव्हते. या एका क्षणासाठी मी या तक्त्याला मनापासून दाद देते.

संशोधनाचा एक दाखला येथे आठवतो. गिलियन हॉकर आणि सहकाऱ्यांनी २००१ मध्ये ओंटारियोतील, म्हणजे ओटावा ज्या प्रांतात आहे तिथल्याच, दोन भागांचा अभ्यास प्रसिद्ध केला होता. ज्यांचा संधिवात तीव्र होता आणि ज्यांना सांधा बदलण्याचा उपयोग होऊ शकला असता, अशांपैकी शस्त्रक्रियेला निश्चित तयार असलेल्यांचे प्रमाण दोन्ही भागांत पंधरा टक्क्यांच्या आतच होते. क्ष-किरणाचे चित्र एक सांगते आणि माणूस दुसरे. कोणाचे दुखणे शस्त्रक्रियेइतके आहे हे ठरवण्यात त्या माणसाच्या इच्छेचा वाटा इतका मोठा असतो. म्हणूनच चिठ्ठ्यांवरचे दाणे हा पोरखेळ नव्हता.

मात्र चिठ्ठ्यांवर काय लिहायचे, हे तक्ता सांगत नाही. त्याची खरी अडचण हीच आहे. कोऱ्या रकान्यात शेजारच्या मावशींचे ऐकीव अनुभव भरले तरी तक्ता तितकाच नीटनेटका दिसतो. आम्ही पहिल्यांदा भरला तेव्हा ‘दहा वर्षांनी पुन्हा बदलावा लागतो’ असे कारण आईने ठामपणे लिहायला लावले होते. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोठ्या एकत्रित अभ्यासानुसार संपूर्ण गुडघा बदललेल्यांपैकी सुमारे ८२ टक्के सांधे पंचवीस वर्षांनंतरही टिकलेले होते. एकाहत्तराव्या वर्षी त्या आकड्याचा अर्थ अगदी वेगळा होतो. उलट, ‘शस्त्रक्रिया झाली की दुखणे संपले’ असे मी गृहीत धरले होते, तेही खरे नव्हते. ओंटारियोतीलच सतराशेहून अधिक शस्त्रक्रियांवर आधारलेल्या २०१० च्या अभ्यासात जवळजवळ पाचातला एक रुग्ण निकालावर समाधानी नव्हता. हे दोन्ही आकडे आम्ही दुसऱ्या वेळी तक्त्यात लिहिले, आणि ओकॉनर यांच्या जुन्या अभ्यासाची आठवण ठेवून प्रत्येक आकडा दोन्ही बाजूंनी लिहिला: पाचांतले चार समाधानी, एक असमाधानी.

माहिती शोधण्यासाठी त्याच संकेतस्थळावर निर्णयसाहाय्य साधनांची वर्णानुक्रमे यादी आहे. आजाराचे नाव शोधले की त्या विषयावर कोणकोणती साधने उपलब्ध आहेत, ती कोणी तयार केली, आणि आंतरराष्ट्रीय कसोट्यांपैकी कोणत्या त्यांनी पूर्ण केल्या हे कळते. मी वापरलेल्या सेवेचा हा भाग सर्वांत कमी बोलला जाणारा आणि सर्वांत उपयोगी वाटला. गुडघ्यासाठीचे तेथून मिळालेले साधन वाचायला सोपे होते. उणीव एवढीच की यादीतली साधने निरनिराळ्या संस्थांची असल्याने त्यांचा दर्जा व ताजेपणा सारखा नाही. तारीख पाहूनच पुढे जावे.

यानंतर तक्त्यात आधाराविषयी विचारले आहे. या निर्णयात आणखी कोण आहे? त्यांना कोणता पर्याय पसंत आहे? ती व्यक्ती तुमच्यावर दबाव आणते आहे का? ती तुम्हाला कशी मदत करू शकेल? आणि निर्णय कसा घ्यायला आवडेल: इतरांचे ऐकून स्वतः, कोणाबरोबर मिळून, की दुसऱ्यानेच घ्यावा? यातला दबावाचा प्रश्न मराठी घरात मोठ्याने वाचण्यासारखा नाही. मी तो शब्दशः विचारला आणि आई चटकन म्हणाली, “छे, माझी पोरं काय दबाव आणतात!” आपल्याकडे आईने मुलांविषयी असे कागदावर लिहून देणे म्हणजे तक्रार केल्यासारखे होते. दोन दिवसांनी मी तोच प्रश्न फिरवून विचारला: “आई, तू काय ठरवलंस तर कुणाला वाईट वाटेल?” तेव्हा ती बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, “इथं केलं तर दादाला वाटेल माझ्यावर विश्वास नाही. तिकडं गेले तर तुला वाटेल मी तुला सोडून गेले. आणि काहीच नाही केलं तर तू रोज माझ्या चालण्याकडं बघत बसतेस, ते मला बघवत नाही.” दबाव आणणाऱ्यांत माझे नाव पहिले होते. शस्त्रक्रिया करूनच घ्यावी, तीही इथेच, असे मी बोलून दाखवत नव्हते, पण ते तिला माझ्या डोळ्यांत रोज दिसत होते.

त्यामुळे माझी सूचना अशी आहे की रुग्णाचा आधाराविषयीचा रकाना त्याच्या अगदी जवळच्या माणसाने भरून घेऊ नये. ओटावातील गटाने परिचारिका आणि इतर आरोग्यसेवकांसाठी एक विनामूल्य ऑनलाइन प्रशिक्षणही ठेवले आहे, ज्यात असे प्रश्न तटस्थपणे कसे विचारावेत हे शिकवतात आणि शेवटी प्रमाणपत्र देतात. मी ते नंतर पूर्ण केले आणि खंत वाटली की आधी का केले नाही. दोघांनी मिळून भरायचीही एक स्वतंत्र आवृत्ती आहे. नवरा-बायकोंना ती उपयोगी पडेल असे वाटते.

तिसऱ्या भागात चार प्रश्न येतात, ज्यांची कसोटी कॅनडातल्याच क्युबेक प्रांतातील कुटुंबवैद्य-संशोधिका फ्रान्स लेगारे आणि सहकाऱ्यांनी २०१० मध्ये प्रसिद्ध केली. प्रत्येक पर्यायाचे फायदे आणि धोके तुम्हाला माहीत आहेत का? त्यांतले कोणते तुमच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचे, हे स्पष्ट आहे का? निर्णयासाठी पुरेसा आधार आणि सल्ला आहे का? आणि तुमच्यासाठी सर्वांत योग्य काय, याची खात्री वाटते का? इंग्रजीत या चारांच्या आद्याक्षरांतून ‘शुअर’ असा शब्द तयार होतो. मराठीत ती गंमत जाते, पण प्रश्नांची धार जात नाही. एकाही प्रश्नाचे उत्तर ‘नाही’ आले तर निर्णय लांबण्याची, मन बदलण्याची, पश्चात्ताप होण्याची किंवा पुढे वाईट झाल्यास दुसऱ्याला बोल लावण्याची शक्यता अधिक असते, असे तक्त्यातच लिहिले आहे. पहिल्यांदा आईची चारांपैकी तीन उत्तरे ‘नाही’ होती. तिसऱ्यांदा एकच ‘नाही’ उरले, तेही खात्रीचे. त्यावरून शेवटच्या भागात पुढची पावले लिहायची असतात. तिने सर्जनना विचारायचे पाच प्रश्न लिहून घेतले, त्यांतला पहिला असा होता की घरी आल्यावर पहिले दोन आठवडे न्हाणीघरात मी एकटी जाऊ शकेन का.

भाषेविषयी थोडे अधिक सांगायला हवे, कारण मराठी वाचकाला सर्वांत जास्त अडेल ते तिथेच. मूळ तक्त्यात दुसऱ्या पायरीला जो शब्द वापरला आहे त्याचे कोशातले भाषांतर ‘मूल्ये’ असे होईल, आणि आईला ‘तुझी मूल्ये काय’ असे विचारले तर ती खोटे बोलू नये, कोणाला दुखवू नये असे सांगू लागेल. मी तो शब्दच काढून टाकला आणि ‘कशाविना चालेल, कशाविना चालणार नाही’ असे लिहिले. ‘पर्याय’ ऐवजी ‘वाट’ लिहिले. ‘जोखीम’ ऐवजी ‘काय बिघडू शकतं’. हा बदल केल्यावर ती स्वतः वाचू लागली. मला वाटते की महाराष्ट्रात कोणी हा तक्ता वापरणार असेल तर एक रकाना खर्चाचाही आखून घ्यावा, कारण तिथे पैशाचा प्रश्न वेगळा आहे. २०१७ च्या ऑगस्टमध्ये सरकारने गुडघ्याच्या कृत्रिम सांध्यांच्या किमतींवर मर्यादा घातली, तरी एकूण बिल हे केवळ सांध्याचे नसते. मूळ तक्ता जेथे जन्मला त्या प्रांतात हे बिल रुग्णाला भरावे लागत नाही, म्हणूनच बहुधा त्यात पैशासाठी वेगळी जागा नाही. छापही फार बारीक आहे. चश्मा लावूनही आईला तो वाचता आला नाही, म्हणून आम्ही मोठ्या कागदावर वाढवून छापला. घरी छापणाऱ्यांनी आधीच तसे करावे.

एक गोष्ट आणखी, जी कदाचित डॉक्टर वाचकांना उपयोगी पडेल. आई भरलेला तक्ता घेऊन तपासणीला गेली तेव्हा भेट लांबेल अशी मला धास्ती होती. तसे झाले नाही. सर्जनांनी पान पाहिले, चांदण्यांच्या जागी मी लिहिलेले दाण्यांचे आकडे पाहिले, आणि सरळ झोपेच्या दुखण्यावर आले, कारण सर्वांत मोठ्या आकड्यांतला एक तिथे होता. एरवी पहिली दहा मिनिटे जी चाचपडण्यात जातात ती वाचली. मी दुभाषाचे काम करत होते, पण या वेळी मला आईच्या वतीने बोलावे लागले नाही. ती तक्त्यावर बोट ठेवत होती आणि मी ते शब्दांत सांगत होते.

तिसऱ्या तक्त्यावर आईने पसंतीच्या रकान्यात दुसऱ्या वाटेवर, म्हणजे व्यायामावर, खूण केली आणि त्याच वेळी इथल्या प्रतीक्षायादीत नाव घालायला सांगितले. दादाला तिने स्वतः फोन केला; मी तेव्हा खोलीबाहेर थांबले होते. ‘कधीपर्यंत ठरवायचे’ या रकान्यात, जिथे तारीख लिहायची असते, तिथे तिच्या हातचे ‘गणपती झाल्यावर, पुन्हा चिठ्ठ्या मांडू’ असे आहे. राजम्याचे वीस दाणे तिने एका डबीत वेगळे काढून ठेवले आहेत.